सांधा कोणी बदलावा?

मध्य रेल्वेच्या कर्जत मार्गावर वांगणी आणि नेरळ यांच्या मध्ये शेलू हे लहानसे स्थानक आहे. रायगड जिल्ह्याच्या कर्जत तालुक्यातील या गावाहून नोकरीशिक्षणासाठी मुंबईकडे जाणाऱ्यांचे आयुष्य लोकलच्या वेळापत्रकाला बांधलेले असते. लोकल येथे थांबते. मेल थांबत नाही. फलाटावर उभ्या असलेल्या माणसाला दुरून येणाऱ्या गाडीचा दिवा दिसतो, रुळांचा आवाज बदलतो आणि पाहता पाहता डब्यांची रांग धूळ उडवीत निघून जाते. त्या काही क्षणांत रुळावर एखादे माणूस सापडले तर पाहणाऱ्याने काय करावे, हा प्रश्न अशा ठिकाणी राहणाऱ्यांना पुस्तकात शोधावा लागत नाही.

शेलूच्या शेजारच्याच वांगणी स्थानकात १७ एप्रिल २०२१ रोजी तो प्रत्यक्ष उभा राहिला. दृष्टिहीन आईबरोबर फलाटावरून चाललेला एक सहा वर्षांचा मुलगा तोल जाऊन रुळांवर पडला. समोरून उद्यान एक्स्प्रेस वेगाने येत होती. आईला आवाज ऐकू येत होता, पण मूल कोठे आहे हे दिसत नव्हते. त्या वेळी कामावर असलेले पॉइंट्समन मयूर शेळके गाडीच्या दिशेनेच रुळांवरून धावले, मुलाला उचलून त्यांनी फलाटावर चढविले आणि गाडी पोहोचण्याच्या क्षणभर आधी स्वतः वर आले. आपल्याही जिवाला धोका आहे, असा विचार एक क्षण मनात येऊन गेल्याचे त्यांनी नंतर प्रांजळपणे सांगितले. रेल्वेने त्यांना ५० हजार रुपयांचे बक्षीस जाहीर केले, तेव्हा त्यातील निम्मी रक्कम त्या मायलेकरांना देण्याची इच्छा त्यांनी व्यक्त केली.

पॉइंट्समन म्हणजे जुन्या मराठीतील सांधेवाला. रुळांचा सांधा बदलून गाडीला एका मार्गावरून दुसऱ्या मार्गावर नेणे हे त्याचे मूळ काम. योगायोग असा की, पाश्चात्त्य नीतिशास्त्रज्ञांनी गेल्या अर्धशतकात ज्या एका प्रश्नावर सर्वांत अधिक काथ्याकूट केला, त्याच्या केंद्रस्थानी हाच सांधा आहे. फिलिपा फूट या ब्रिटिश विदुषीने १९६७ मध्ये तो प्रथम मांडला. एक ट्राम अनावर झाली आहे. समोरच्या रुळावर पाच माणसे काम करीत आहेत, फुटणाऱ्या दुसऱ्या रुळावर एकच आहे. चालकाने ट्राम कोणत्या रुळावर न्यावी? जूडिथ जार्विस थॉमसन या अमेरिकन विदुषीने पुढे त्यात दोन बदल केले. एकात निर्णय चालकाच्या हाती नसून सांध्यापाशी उभ्या असलेल्या त्रयस्थाच्या हाती आहे. दुसऱ्यात सांधाच नाही. पुलावर एक धिप्पाड मनुष्य उभा आहे आणि त्याला खाली ढकलले तरच गाडी अडून पाच जण वाचणार आहेत.

या दोन्ही प्रसंगांतील गणित एकच आहे. एक जातो आणि पाच वाचतात. तरीही सांधा बदलावा असे म्हणणारी बहुतेक माणसे पुलावरच्या मनुष्याला ढकलण्यास मात्र तयार होत नाहीत. ही विसंगती आहे की शहाणपण? केवळ संख्या मोजणाऱ्या तत्त्वज्ञाला ती विसंगती वाटेल. परंतु पहिल्या प्रसंगात जे संकट आलेले आहे त्याची दिशा बदलली जाते आणि एकाचा मृत्यू हा त्याचा दुःखद परिणाम असतो. दुसऱ्यात एका जित्या माणसाचा साधन म्हणून वापर केला जातो. हा भेद सामान्य माणसाला शब्दांत सांगता आला नाही, तरी तो कळतो. पाच रुग्णांना पाच अवयव हवे आहेत म्हणून दवाखान्यात सहज आलेल्या निरोगी माणसाला कापण्याची कल्पना कोणालाच सहन होत नाही, ती यामुळेच. भारतात १९९४ च्या अवयव प्रत्यारोपण कायद्याने मृत्यूनंतर एकाच्या शरीराने अनेकांना जगविण्याची वाट मोकळी केली. परंतु तीही किती कुंपणे घालून! मेंदूमृत्यूचा निर्णय डॉक्टरांच्या मंडळाने द्यावा, किमान सहा तासांच्या अंतराने दोनदा तपासणी व्हावी, प्रत्यारोपण करणाऱ्या डॉक्टरांचा त्या निर्णयात हात नसावा आणि संमती असावी. अनेकांचे प्राण वाचत आहेत एवढे एकच कारण कायद्याने पुरेसे मानलेले नाही.

हा प्रश्न ऑक्सफर्डहून येथे आला असे मात्र कोणी समजू नये. श्रावणात मराठी घरांतून वाचल्या जाणाऱ्या कहाण्यांत शिळासप्तमीची कहाणी आहे. राजाने गावासाठी तळे बांधले, पण त्याला पाणी लागेना. जलदेवतेने राजाच्या सुनेचा थोरला मुलगा बळी मागितला. एक मूल गेले तर सारा गाव पाणी पिणार होता. हिशेब अगदी सरळ होता. परंतु या कहाणीतील सर्वांत बोलका तपशील निराळाच आहे. आई मूल देणार नाही हे राजाला पक्के ठाऊक असल्याने तो सुनेला माहेरी पाठवून देतो आणि तिच्या माघारी मुलाला तळ्यात सोडतो. कहाणीच्या शेवटी व्रताच्या पुण्याईने मूल परत मिळते. ती कृपा बाजूला ठेवली तर उरते ते एवढेच की, ज्या निर्णयासाठी आईला घराबाहेर पाठवावे लागते, त्या निर्णयाविषयी निर्णय घेणाऱ्याच्या मनातच चोर असतो.

महाभारतातील एकचक्रा नगरीची कथा याहूनही पुढे जाते. बकासुराकडे दररोज एका घरातून एक माणूस आणि गाडाभर अन्न पाठवायचे, म्हणजे उरलेली नगरी सुखाने राहील, अशी तेथे व्यवस्थाच झाली होती. पांडव ज्या ब्राह्मणाच्या घरी राहत होते, त्याची पाळी आली तेव्हा पती, पत्नी आणि मुलगी यांच्यात प्रत्येक जण ‘मीच जातो’ म्हणून हट्ट धरू लागला. कुंतीने आपल्या पाच मुलांपैकी एकाला पाठविण्याची तयारी दाखविली, तेव्हा त्या ब्राह्मणाने आपला जीव वाचविण्यासाठी अतिथीच्या मुलाचा जीव घेण्यास प्रथम स्वच्छ नकार दिला. स्वतःचा जीव देण्यास तो सिद्ध होता. दुसऱ्याचा खर्च करण्यास नव्हता. याच कथेत तो ब्राह्मण आणखी एक गोष्ट सांगतो आणि ती सहसा कोणाच्या लक्षात राहत नाही. या प्रदेशाचा राजा नाकर्ता आहे आणि प्रजेला या संकटातून सोडविण्याचा काही उपायच तो करीत नाही, अशी त्याची तक्रार आहे. ‘आज कोणाची पाळी’ या प्रश्नापाशी सारी नगरी अडकून पडली होती. ‘ही पाळी आलीच का’ हा प्रश्न त्या ब्राह्मणाने विचारला.

आश्चर्य वाटेल, पण भारताच्या फौजदारी कायद्यातही हे दोन्ही प्रश्न आलेले आहेत आणि तेही फूट यांच्या निबंधाच्या शंभर वर्षे आधी. १८६० च्या भारतीय दंड संहितेचे ८१ वे कलम १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत १९ वे कलम म्हणून आले आहे. त्याखाली दिलेले उदाहरण एका जहाजाच्या कप्तानाचे आहे. पुढे वीसतीस उतारूंची एक नाव आहे. जहाज थांबविणे शक्य नाही. दिशा बदलली नाही तर ती नाव बुडणार, बदलली तर केवळ दोन उतारू असलेल्या दुसऱ्या नावेला धडक बसण्याचा धोका आहे, पण ती चुकविता येण्याचाही संभव आहे. अशा वेळी दुसऱ्या नावेला अपाय करण्याचा हेतू नसताना, मोठा अनर्थ टाळण्यासाठी कप्तानाने सद्भावनेने दिशा बदलली आणि तो धोका पत्करण्याजोगा होता, तर तो गुन्हेगार ठरत नाही. संख्येला कायद्याने किंमत दिली आहे हे येथे मान्य केले पाहिजे. वीस आणि दोन यांत काहीच फरक नाही असे म्हणणे हे मोठ्या मनाचे लक्षण नसून वेळ मारून नेण्याचे लक्षण होय.

परंतु त्याच उदाहरणात एक अट आहे आणि साऱ्या प्रश्नाची किल्ली तिच्यात आहे. कप्तान या पेचात स्वतःच्या कोणत्याही दोषावाचून अथवा हलगर्जीपणावाचून सापडलेला असला पाहिजे. जो रात्रभर झोपला, ज्याने दिवे तपासले नाहीत, ज्याने सुकाणू दुरुस्त करून घेतले नाही, त्याला ऐनवेळी ‘दोघांपेक्षा वीस बरे’ असे म्हणून सुटता येणार नाही. दुसरी अट हेतूची. दोघे वाचावेत अशी इच्छा शेवटपर्यंत असली पाहिजे. १८८४ साली बुडालेल्या मिन्योनेट या इंग्लिश नौकेच्या चार खलाशांपैकी दोघांनी भुकेने व्याकूळ होऊन रिचर्ड पार्कर या सतरा वर्षांच्या आजारी पोराला मारले आणि त्याच्या मांसावर उरलेले तिघे जगले. न्यायालयाने त्या दोघांना खुनाबद्दल दोषी ठरविले. त्यांची फाशी पुढे सहा महिन्यांच्या कैदेवर आली, ती केवळ दया म्हणून. पार्करला कोणी विचारले नव्हते, चिठ्ठ्याही टाकल्या नव्हत्या. सर्वांत लहान आणि सर्वांत दुबळा तोच होता, एवढाच त्याच्या निवडीचा आधार होता.

रुळावर बांधलेला ‘एक’ कोण असतो, याचे उत्तर बहुधा असेच निघते. भोर घाटातील लोहमार्ग १८६३ मध्ये खुला झाला. तो बांधताना पटकीने आणि अपघातांनी हजारो मजूर दगावले. आज लक्षावधी लोक त्या मार्गाने सुखाने प्रवास करतात; पण त्या मजुरांना कोणी विचारले नव्हते. मुंबईला वीज हवी म्हणून मुळशी खोऱ्यातील गावे पाण्याखाली जाणार होती, तेव्हा १९२१ मध्ये तेथे सत्याग्रह झाला आणि सेनापती बापट त्याचे नेते झाले. तेथे जमिनी जात होत्या, जीव नव्हे. पण युक्तिवाद तोच होता. बहुतांच्या हितासाठी थोड्यांनी सोसावे, असे सांगणारे सोसणाऱ्यांत क्वचितच असतात.

मग त्यागाला अर्थच नाही काय? महाराष्ट्राने तरी असे म्हणू नये. १६६० मध्ये बाजीप्रभू आणि त्यांचे मावळे घोडखिंडीत पडले, ते एका माणसाला विशाळगडावर सुखरूप पोहोचविण्यासाठी. संख्येच्या गणितात हा व्यवहार उफराटा आहे. तेथे अनेक गेले आणि एक वाचला. तरी मराठी मनाला त्यात कधी खोट दिसली नाही. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री गिरगाव चौपाटीपाशी साहाय्यक पोलीस उपनिरीक्षक तुकाराम ओंबळे यांनी अतिरेक्याच्या बंदुकीची नळी हातांनी धरून ठेवली, गोळ्या स्वतःच्या अंगावर घेतल्या आणि त्यांचे सहकारी वाचले. वांगणीच्या फलाटावरील धाव याच जातीची आहे. ओंबळे यांच्या कृतीने अनेक वाचले, शेळके यांच्या कृतीने एक मूल वाचले आणि बाजीप्रभूंच्या वेळी संख्या उलटी होती. तिन्ही ठिकाणी समान काय आहे? ज्याने दिला त्याने स्वतःचा जीव दिला, अथवा पणाला लावला. येथे सांधा फिरला तो स्वतःच्या अंगावर.

यातून निघणारा पहिला नियम साधा आहे. आपला जीव देण्याचा अधिकार माणसाला असू शकतो. दुसऱ्याचा जीव त्याच्या वतीने देऊन टाकण्याचा अधिकार कोणालाही नाही. मात्र एवढ्यावर समाजाचा कारभार चालत नाही, हेही खरे. महापुरात पहिली होडी कोणाकडे न्यावी, दोन रुग्णांत एकच प्राणवायूची नळी कोणाला द्यावी, शोध कोठे थांबवावा, हे निर्णय कोणाला तरी घ्यावेच लागतात.

खालापूर तालुक्यात इर्शाळगडाच्या कुशीतील इर्शाळवाडीवर १९ जुलै २०२३ च्या रात्री दरड कोसळली, तेव्हा असाच निर्णय घ्यावा लागला. वर जाण्यास गाडीरस्ता नव्हता. चौक गावाकडून चिखलातून डोंगर चढून जावे लागे. यंत्रे वर नेता येत नसल्याने जवान आणि गावकरी फावड्यांनी माती उपसत होते. पाऊस थांबत नव्हता आणि पुन्हा दरड येण्याची भीती होती. मदतीसाठी निघालेल्या अग्निशमन दलाच्या एका अधिकाऱ्याचा चढण चढतानाच हृदयविकाराने मृत्यू झाला. २७ मृतदेह हाती आल्यानंतर २३ जुलै रोजी शोधकार्य थांबविण्यात आले. ५७ जण बेपत्ता राहिले.

तो निर्णय चुकीचा होता असे म्हणता येणार नाही. चार दिवसांनंतर त्या मातीखाली कोणी जिवंत असण्याची आशा उरली नव्हती आणि आशा नसताना जिवंत माणसांना त्या उतारावर राबविणे हा त्यागही नव्हे, शहाणपणही नव्हे. नातेवाइकांना विचारात घेऊन आणि उघडपणे घेतलेला असा निर्णय समाज जड मनाने स्वीकारतो. परंतु कप्तानाच्या उदाहरणातील अट येथे लावून पाहिली की मन अस्वस्थ होते. दरडीचा धोका असलेल्या गावांच्या यादीत ही वाडी नव्हती, असे सरकारनेच सांगितले. यादी कोणी केली? डोंगरावरच्या ठाकर वस्तीला इतक्या वर्षांत रस्ता का मिळाला नाही? दरड कोसळल्यानंतरचा पेच कोणाच्याही दोषाचा नसेल. पण त्या पेचापर्यंत पोहोचविणाऱ्या वर्षानुवर्षांच्या दुर्लक्षाला तीच सबब लागू होत नाही. रुळावर माणसे बांधली गेली ती त्या रात्री नव्हे.

याउलट २७ जुलै २०१९ चा दिवस आठवावा. उल्हास नदीच्या पुरात महालक्ष्मी एक्स्प्रेस बदलापूर आणि वांगणी यांच्या दरम्यान अडकली. सुमारे १,०५० उतारू गाडीत होते आणि चारी बाजूंना पाणी होते. राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल, नौदल आणि आसपासच्या गावांतील माणसे एकत्र आली आणि दुपारपर्यंत सारे उतारू बाहेर निघाले. त्यांत नऊ गर्भवती स्त्रिया होत्या. कोणाला आधी न्यावे एवढाच प्रश्न तेथे उरला, कोणाला सोडून द्यावे हा प्रश्न उरला नाही. कारण होड्या आल्या, माणसे आली आणि वेळेवर आली. पुरेशी साधने हाताशी असली की नीतिशास्त्रातील अनेक भयंकर पेच जागच्या जागी विरून जातात.

रेल्वेच्या अभियंत्यांना हे फार पूर्वी कळले होते. शेलूहून पुढे गेलेला मार्ग कर्जत सोडल्यावर भोर घाट चढू लागतो. दर ३७ फुटांस एक फूट असा तेथील चढ आहे. उतरताना गाडीचे ब्रेक निकामी झाले तर काय, हा प्रश्न तेथे कल्पनेतला नव्हे. म्हणून घाटात मुख्य मार्गाला फुटून वर डोंगराकडे चढत जाणारे आणि तेथेच संपणारे रूळ टाकलेले आहेत. त्यांना कॅच साइडिंग म्हणतात. तेथील सांधा एरवी त्या चढत्या रुळाकडेच लावलेला असतो. उतरणाऱ्या गाडीने थांबून आपण ताब्यात आहोत हे सिद्ध करायचे, तेव्हाच तिला मुख्य मार्ग मिळतो. अनावर झालेली गाडी आपोआप चढावर जाऊन थांबते. त्या रुळावर कोणीही बांधलेले नसते.

पाच की एक, या प्रश्नाचे हे खरे उत्तर आहे. वर्गात, वादविवाद मंडळात आणि परीक्षेच्या उत्तरपत्रिकेत विद्यार्थ्याला दोनच रूळ दिलेले असतात आणि त्यांतून निवड करण्यास सांगितले जाते. बुद्धीला धार लावण्यासाठी तो व्यायाम चांगला आहे. परंतु जो शासक, जो अधिकारी, जो व्यवस्थापक प्रत्यक्ष व्यवहारात ‘दोनच रूळ आहेत’ असे सांगत येतो, त्याला प्रथम विचारले पाहिजे की, तिसरा टाकण्यासाठी काल तुमच्या हाती वेळ होता की नव्हता. होता आणि टाकला नसेल, तर एकाच्या बळीला अपरिहार्य म्हणण्याचा अधिकार त्याने गमावलेला असतो.

वांगणीचा तो सांधेवाला धावला आणि मूल वाचले. त्याचा गौरव झाला तो योग्यच झाला. परंतु दृष्टिहीन स्त्रीला लेकरासह निर्धास्तपणे चालता येईल असा फलाट आणि रूळ ओलांडण्याचा मोह होणार नाही असा जवळचा पूल, ही कामे कोणाच्याही शौर्यावाचून होणारी आहेत. ती झाली तर मेल येईल, धूळ उडवील आणि निघून जाईल. सांधेवाल्याला हिरवा बावटा दाखविण्यापलीकडे काही करावे लागणार नाही आणि त्याचे नाव कोणाला कळणारही नाही.